हेदवणचा बाहेरचा

अंकुश हिलमची बोलिंग पाहिली नाही असा क्रिकेटवाला सत्त्याण्णव साली पनवेल तालुक्यात शोधूनही सापडला नसता. आणि त्याचं खरं नाव ठाऊक असलेला तर त्याहून सापडला नसता. यात गूढ वगैरे काही नाही. सरळ सांगतो, म्हणजे कुणाच्या डोक्याला ताप नको.

आमच्याकडे भात झोडून झालं की शेतं मोकळी होतात आणि पोरांचे हात शिवशिवायला लागतात. मग शेतावर रोलर फिरवून पीच करायचं, बांबूला भोंगा बांधायचा, मांडवात टेबल टाकून त्यावर चषक मांडायचे. शनिवार-रविवार टेनिस बॉलचे सामने, ते थेट मे संपेपर्यंत. प्रत्येक पत्रकावर ठळक अक्षरांत एक ओळ असायची, की खेळाडू त्याच गावचा असावा. ही ओळ छापणारेच ती मोडायला सगळ्यांत पुढे. बाहेरून चांगला बॉलर आणायचा आणि गावातला जो कुणी मुंबईला नाहीतर आखातात गेला असेल त्याचं नाव त्याला चिकटवायचं. सगळेच करायचे, म्हणून कुणी कुणाला बोलायचं नाही.

अंकुश या धंद्यात पडला तो सत्त्याऐंशी साली, सतरा वर्षांचा असताना. हेदवण गावाच्या वर, टेकाडावर कातकऱ्यांची वाडी आहे, वीस-बावीस खोपटांची. अंकुश तिथला. दिवाळीनंतर आईबरोबर वीटभट्टीवर जायचं आणि पावसाच्या तोंडावर वाडीवर परतायचं, हा त्यांचा तेव्हाचा शिरस्ता. भट्टीवर विटा हातोहात फेकतात, एकाने खालून टाकायची, दुसऱ्याने वर झेलायची. दिवसभर तेच. त्या वर्षी भट्टीला लागून सामने चालले होते. एक षटकार येऊन विटांच्या ढिगात पडला. अंकुशने बॉल उचलला आणि होता तिथूनच परत फेकला. तो सत्तर-ऐंशी पावलांवरच्या स्टंपांवर जाऊन आदळला. खेळ थांबला. त्यातल्या एका संघाचा कॅप्टन भट्टीपर्यंत चालत आला आणि म्हणाला, "परत टाक बघू."

पुढच्या रविवारी अंकुश त्यांच्या टेम्पोत होता. मांडवातल्या माणसाने विचारलं, "बॉलरचं नाव?" अंकुशने तोंड उघडायच्या आत कॅप्टन म्हणाला, "दत्तू पाटील." अंकुशला वाटलं, त्याला आपलं नाव ठाऊक नसेल. तो सांगायला गेला तर कॅप्टनने त्याच्या पायावर पाय दिला.

तेव्हापासून दहा वर्षं हेच. तो कधी दत्तू पाटील, कधी हरेश ठाकूर, कधी आणखी कुणी. शनिवारी सकाळी पळस्प्याच्या फाट्यावर चहाच्या टपरीपाशी उभं राहायचं. ज्या गावाला हवा असेल त्या गावचा टेम्पो यायचा. टेम्पोत चढलं की कॅप्टन सांगायचा, आज तुझं नाव अमुक, लक्षात ठेव. गावाचा टी-शर्ट द्यायचे, सामना झाला की परत घ्यायचे. एकदा करंज्याच्या लोकांनी तेवढा राहू दिला होता, वर सुक्या बोंबलांची पिशवी दिली होती. ती माणसं दर्यावरची, दिलदार. पण तीही परत कधी आली नाहीत.

बोलिंग मात्र बघण्यासारखी. सहा पावलांचा रनअप, बस. हात कानाजवळून यायचा आणि बॉल बॅटच्या बुंध्यात घुसायचा. बोंबलणारे बोंबलायचे, की हात वाकतो, हा टाकत नाही, फेकतो. अंपायर बघून जायचे आणि काही सापडायचं नाही. पुढे पुढे कोपर दुखायला लागलं तशी अंकुशने चाल बदलली. हात तेवढ्याच जोरात आणायचा आणि बॉल हळू सोडायचा. फलंदाज आधीच बॅट फिरवून मोकळा व्हायचा. हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं. फाट्यावर ताटकळत उभं असताना, एकट्यानेच बोटं फिरवून फिरवून त्याने ते बसवलं होतं.

सामना जिंकला की गुलाल उधळायचा, बेंजो लागायचा, गाव टेम्पोवर चढायचं. अंकुशलाही खांद्यावर घ्यायचे, हो, घ्यायचे. पण टेम्पो गावाकडे वळायच्या आधी फाटा लागायचा. तिथे त्याला उतरवायचे. "चल रे भाई, परत बोलवू." बेंजो दूर दूर जात ऐकू येईनासा व्हायचा आणि हा डोक्यातला गुलाल झटकत वाडीची वाट धरायचा. असे किती विजय त्याने फाट्यावर उतरून ठेवले, त्याला गणती नाही. चषक एकही नाही. चषकावर जे नाव असेल त्याच्या घरी चषक. आखातातल्या माणसाच्या कपाटात बेस्ट बॉलरचा चषक, आणि त्याने आयुष्यात बॉल हातात धरलेला नाही. हसावं की रडावं, तुम्हीच ठरवा.

आईला त्याने यातलं काही सांगितलं नव्हतं. बुधी तिचं नाव. भट्टीच्या धुराने म्हणा, वयाने म्हणा, तिच्या दोन्ही डोळ्यांत सारा पडला होता, म्हणून भट्टी सुटली होती आणि दोघं बारमाही वाडीवरच असायची. उजेड कळायचा, माणूस कळायचा नाही. पोरगा शनिवारी जातो, रविवारी थकून येतो, बॉल टाकतो, लोक त्याला टेम्पोने नेतात, एवढं तिला ठाऊक. वाडीवर कुणी आलं की म्हणायची, "माज्या अंकुशचं नाव भोंग्यावर घेतात." अंकुशला वाटायचं, आईचा हा समज मोडायचा तरी कसा?

तिच्या मनात एकच होतं. एकदा स्वतःच्या कानांनी ते नाव ऐकायचं. दर हंगामात म्हणायची, "मला ने रं एकदा." आणि हा दर हंगामात सांगायचा, लांब हाय, ऊन लय हाय, पुढल्या बारीला नेतो. आई ऐकून घ्यायची, आणि त्याला रात्री जेवण जायचं नाही.

आणि मग सत्त्याण्णवच्या एप्रिलात हेदवणचा कॅप्टन दीपेश स्वतः वाडीवर आला. दीपेश म्हणजे गावचे पुढारी दाजी घरत यांचा मुलगा. एवढ्या वर्षांत हेदवणच्या संघाने अंकुशला एकदाही बोलावलं नव्हतं. गावचा संघ म्हणजे आगऱ्यांच्या पोरांचा, वाडीचा त्यात काय संबंध, असं त्यांनाही वाटायचं आणि खरं सांगायचं तर यालाही. पण त्या वर्षी पनवेलला 'एक गाव एक संघ' म्हणून मोठे सामने भरले होते. संघाला बाहेरचा खेळाडू एकच चालणार होता, तोही बाहेरचा म्हणून लिहून घेऊन. हेदवणने तोही घेतला नव्हता, सगळी घरची पोरं, आणि तरी ती फायनलला आली होती. नेमका गुरुवारी त्यांच्या मुख्य बॉलरचा अंगठा मोडला.

दीपेश खोपटाच्या तोंडाशी उकिडवा बसला आणि म्हणाला, "अंकुश, तू आपल्याच गावचा ना? मंग आपल्या गावाकडून खेल. तुझ्याच नावानी. यादीत नाव टाकू, दाजींची सही घेऊ. खोटंनाटं काय नाय."

अंकुशला दोनदा विचारावं लागलं, "माज्या नावानी?"

"मंग काय माज्या?" दीपेश हसला.

तो गेल्यावर अंकुश बराच वेळ तिथेच बसून राहिला. आपल्याच गावचा. हा शब्द कुणी त्याला असा उगाच, बोलता बोलता दिला नव्हता. त्याला आनंद झाला आणि तो कुणाला सांगावा तेच कळेना. मग आत जाऊन म्हणाला, "आये, रविवारी पनवेलला चल. भोंग्यावर माजं नाव येनार हाय."

रविवारी दोघं यष्टीने पनवेलला उतरली. बुधीने ठेवणीतलं लुगडं नेसलं होतं. मैदानाच्या कडेला भेंडीचं मोठं सावलीचं झाड होतं आणि झाडालाच भोंगा टांगलेला. अंकुशने तिला बुंध्याशी बसवलं. "इथून चांगलं ऐकू येल."

"हेदवणचा अंकुश हिलम, असंच बोलतील ना?" तिने विचारलं.

"असंच."

मांडवात गेला तेव्हा तिथे गर्दी जमली होती. आयोजकांचा स्कोअरर यादी घेऊन बसला होता, शेजारी दाजी घरत, पांढऱ्या टोपीत. आणि समोर आंबेखारचा कॅप्टन बळीराम, हाताची घडी घालून. फायनल आंबेखारशीच होती. बळीराम म्हणाला, "माझी हरकत आहे. हा हेदवणचा नाही. हा जगन म्हात्रे, आंबेखारचा. पंचाण्णव साली आमच्याकडून खेळलाय. काढा चोपडी."

आता या माणसाला काय म्हणावं? पंचाण्णव साली अंकुशला टेम्पोत बसवून, 'आज तू जगन म्हात्रे' असं सांगणारा हाच बळीराम. जगन त्याचा चुलतभाऊ, मस्कतला. पण ते खोटं कबूल केलं तर आंबेखारचा पंचाण्णवचा चषक जाणार. तेव्हा खोट्याला घट्ट धरून बसणं त्याला भाग होतं. स्कोअररने जुनी चोपडी काढली. त्याच्याच अक्षरात लिहिलेलं होतं, जगन म्हात्रे, आंबेखार, बेस्ट बॉलर. स्कोअररने तोंड पाहिलं, चोपडी पाहिली. "तोंड तर हेच," तो म्हणाला. मग त्याने अंकुशला विचारलं, "तुझं नाव काय?"

सोपा प्रश्न. पण दहा वर्षं मांडवात हा प्रश्न आला की अंकुशने गप्प राहायचं आणि बाजूच्याने बोलायचं, अशी त्याच्या जिभेला सवय लागली होती. त्याची मान आपसूक दीपेशकडे वळली. आज काय सांगायचं, असं विचारल्यासारखी. क्षणभरच. मग त्याच्या ध्यानात आलं आणि तो घाईने म्हणाला, "अंकुश. अंकुश हिलम."

बळीराम हसला. "बघा. स्वतःचं नाव सांगायला कॅप्टनला विचारतो."

मांडवात हशा पिकला. अंकुशचे कान तापले. खरं काय ते सांगून टाकावं, असं त्याच्या अगदी ओठांवर आलं. पण सांगायचं म्हणजे हेच, की मी दहा वर्षं खोट्या नावांनी खेळलो. मग त्याला बंदी, आणि त्याला आणला म्हणून हेदवण बाद. आपलं गाव पहिल्यांदा फायनलला आलं, ते आपल्यापायी घरी जाणार.

स्कोअररने दाजींकडे वळून विचारलं, "दाजी, तुम्ही सांगा. तुमचा शब्द आम्ही मानू. हा तुमच्या गावचा का?"

दाजी सरळ माणूस. देवाच्या दारातही खोटं बोलणार नाही आणि पोलिसाच्या दारातही नाही. अंकुशला ते पोरवयापासून ओळखत होते, त्यांच्या शेतावर बुधी कापणीला यायची. त्यांच्या मनात काडीचं वाईट नव्हतं. त्यांनी जसं रोज बोलत तसंच उत्तर दिलं.

"गावचा नाय," दाजी म्हणाले. "वारीवरचा हाय."

वारी म्हणजे वाडी, जुनी माणसं 'ड'चा 'र' करतात. स्कोअररला तेवढं कळलं. पण गावचा नाय, हे त्याला आधी कळलं होतं.

दीपेश पुढे झाला. "दाजी, वारी आपल्याच गावात येते ना?"

"येते की. पन गाव ते गाव, वारी ती वारी. ते मला विचारतात, मी खरं सांगतो." दाजींना आपलं काय चुकलं तेच कळेना. ते अंकुशकडे वळून म्हणाले, "काय रं, खोटं बोललो का मी?"

"नाय, दाजी," अंकुश म्हणाला.

दुसरं तो बोलणार तरी काय होता? दाजी खरंच खोटं बोलले नव्हते. हेदवणातलं कुणीही हेच म्हणालं असतं. वाडीवरच्यांनाही विचारलं असतं तरी ते म्हणाले असते, आमी वाडीवरचे. 'गाव' म्हटलं की त्यात आपण येत नाही, हे इतकी वर्षं कुणी त्याला तोंडावर सांगितलं नव्हतं, कारण कुणी विचारलंच नव्हतं.

आयोजकांनी आपसात कुजबुज केली. त्यांनाही सामना हवा होता, हजारभर माणूस जमलेला. स्कोअरर म्हणाला, "असं करू. हेदवणची बाहेरच्या खेळाडूची जागा रिकामी आहे. याला बाहेरचा म्हणून घ्या. आमच्या चोपडीत जे नाव आहे त्या नावाने. जगन म्हात्रे. कुणाची हरकत?"

बळीरामला पडतं घ्यावं लागलं. नियम पत्रकातच छापलेला होता, आणि जगन म्हात्रे हे नाव त्यानेच पुढे केलेलं. दीपेशचा जीव भांड्यात पडला. त्याने अंकुशच्या पाठीवर थाप मारली. "सुटला बघ गुंता. तू खेलतोस, बास. नावात काय, बॉल तर तूच टाकनार."

"माजी आय आलीय," अंकुश म्हणाला.

"अरे वा, येऊ दे की," दीपेश म्हणाला आणि टॉसला धावला.

अंकुशला वाटलं, झाडापाशी जावं, आईला काहीतरी सांगावं. पण काय? आणि तेवढ्यात हेदवणची पोरं बॅटिंगला गेली, त्याला पॅव्हेलियनच्या खुर्चीत बसवलं, हातात पाण्याची बाटली दिली. लांबून त्याला आई दिसत होती. तोंड भोंग्याकडे करून बसलेली, एक हात कानामागे.

हेदवणने सहा ओव्हरांत एक्कावन्न केल्या. आंबेखार आलं. दुसरी ओव्हर अंकुशला दिली. भोंगा खरखरला, "गोलंदाजीत बदल. हेदवणकडून बाहेरचे खेळाडू, जगन म्हात्रे." टाळ्या पडल्या. अंकुशने झाडाकडे पाहिलं नाही. पाहवलंच नसतं.

त्या दिवशी त्याने जी बोलिंग टाकली तिची आजही लोक आठवण काढतात, अर्थात जगनची म्हणून. पहिल्या ओव्हरीत दोन दांड्या उडाल्या. दर बॉलला भोंगा ओरडत होता, जगन म्हात्रे, काय हा जगन म्हात्रे. शेवटच्या ओव्हरीत आंबेखारला सात हव्या होत्या, समोर बळीराम. कोपर ठणकत होतं. पहिल्या पाच बॉलांत चार धावा गेल्या. शेवटच्या बॉलला तीन हव्या. अंकुश सहा पावलं धावला, हात कानाजवळून पूर्ण जोरात आणला आणि बॉल हळूच सोडला. बळीरामची बॅट आधीच फिरून गेली. बॉल येऊन मधल्या दांडीला टेकला, बेल्स पडल्या. हेदवणची पोरं चौफेर धावत आली. दीपेशने त्याला खांद्यावर उचललं. गुलाल तोंडात, डोळ्यांत गेला. भोंग्यावर तेच नाव चालू होतं, थांबायचं नाव नाही.

बक्षिसाला बोलावलं तेव्हा तो उठला नाही. "जगन म्हात्रे यांच्या वतीने कॅप्टन," असं म्हणत दीपेशनेच चषक घेतला आणि दाजींच्या हातात दिला. दाजी खूश होते. टेम्पो सुरू झाला, बेंजो लागला. दीपेशने वरून हात पुढे केला. "चल, गावदेवीला नारळ फोडू. मंग वाडीच्या वाटेला सोडतो तुला."

"आय हाय बरोबर," अंकुश म्हणाला. "आमी यष्टीनी येतो."

"बरं बरं." टेम्पो निघाला.

अंकुशने नळावर तोंड धुतलं, केसांतला गुलाल जाईल तेवढा काढला, टी-शर्ट बदलून आपला सदरा घातला. मग झाडाखाली गेला. बुधी तशीच बसलेली होती. भोंगा उतरवायला आलेला माणूस तिला बाजूला हो म्हणत होता, तर ती म्हणत होती, "जरा थांब बाबा, अजून एक नाव यायचं राहिलंय."

"आये, चल," अंकुश म्हणाला.

ती चाचपत उठली. "झालं?"

"झालं. हेदवण जिंकलं."

"ते आयकलं." तिने त्याचा हात धरला. दोघं स्टँडकडे चालू लागली. ऊन उतरलं होतं, रस्त्यावर सामन्याचीच माणसं होती आणि सगळ्यांच्या तोंडी जगन म्हात्रेच होता. थोड्या वेळाने तिने विचारलं, "तुला टाकाया दिला नाय?"

अंकुशचं पाऊल अडखळलं. सांगायचं तर आताच, हे त्याला कळत होतं. पण सांगितलं तर तिच्या दहा वर्षांचं सगळंच जाणार होतं. दत्तू पाटील आणि हरेश ठाकूर आणि तिने वाडीवर ज्याला त्याला ऐकवलेलं सगळं. त्यापेक्षा एक दिवस गेलेला बरा.

"नाय, आये. माजा नंबरच नाय आला."

"र्‍हाऊ दे," बुधी म्हणाली. "येल कवातरी." ती त्याच्या हाताला धरून चालत राहिली. स्टँडच्या कोपऱ्यावर यष्टीची वाट बघत ती दोघं उभी राहिली. तिथे तिने त्याचं दुखरं कोपर दोन्ही हातांनी धरलं आणि ती ते हळूहळू चोळायला लागली. चोळता चोळता ती म्हणाली, "त्या जगनच्या आयला मातर आज लय बरं वाटलं असंल."

"व्हय," अंकुश म्हणाला. "वाटलं असंल."